पांढऱ्याच्या बाजूने पाहिलेला पट

नवव्या आणि शेवटच्या फेरीतला शेवटचा डाव दुपारी एक वाजून चौतीस मिनिटांनी संपला आणि मुख्य पंचांच्या मनात पाल चुकचुकली. खरे सांगायचे तर ती सकाळपासूनच चुकचुकत होती. दुपारी तिने गळा मोकळा केला, एवढेच.

पंचांचे वय सहासष्ट. तंत्रनिकेतनातून पदविका घेऊन त्यांनी चौतीस वर्षे यंत्रांचे सुटे भाग बनवणाऱ्या एका कारखान्यात मोजमाप विभागात काढली होती. दुसऱ्यांनी बनवलेली वस्तू मोजायची आणि केसाइतका फरक निघाला तरी ती परत पाठवायची, हे त्यांचे काम. तिथे त्यांना ‘मायक्रोमीटर’ म्हणत. निवृत्तीनंतर ते बुद्धिबळाचे पूर्ण वेळ पंच झाले आणि नाव त्यांच्या मागोमाग सभागृहात आले. प्रत्येक डावातल्या प्रत्येक खेळीला किती वेळ लागला, कोण किती वेळा उठले, कोणी कोणाकडे पाहिले, हे सारे त्यांच्या वहीत बारीक अक्षरात उतरत असे. नियमांना त्याची गरज नव्हती. पंचांना होती.

स्पर्धा लहान होती: वाचनालयाच्या दुसऱ्या मजल्यावरचे सभागृह, पाच टेबले, दहा खेळाडू. अशा स्पर्धा प्रेक्षकांसाठी भरत नाहीत. ग्रँडमास्टर व्हायचे तर तीन वेळा ‘नॉर्म’ मिळवावा लागतो, म्हणजे ठरावीक दर्जाच्या स्पर्धेत ठरावीक गुण मिळवून दाखवावे लागतात. आणि तो दर्जा टिकवायचा तर खेळाडूंत निदान तीन ग्रँडमास्टर बसलेले असावे लागतात. म्हणून आयोजक तीन वयस्क ग्रँडमास्टर बोलावून आणतात. त्यांची राहण्या-जेवणाची सोय होते, थोडे मानधन मिळते आणि त्यांच्या किताबाच्या आधाराने तरुणांचे नॉर्म उभे राहतात. खेळाडू आपसांत त्यांना ‘तिपाईचे पाय’ म्हणत.

या तीन पायांपैकी एक म्हणजे वस्ताद. वय त्रेसष्ट. एकोणतिसाव्या वर्षी किताब मिळवणारा शहरातला पहिला माणूस; आता राहायला गावाकडे. तीनदा राष्ट्रीय विजेता. सांघिक स्पर्धेत पहिल्या पटावर खेळून रौप्यपदक. आणि जगज्जेतेपदाला आव्हान देणाऱ्या एका खेळाडूला चोविसाव्या खेळीत हात टेकायला लावलेला तो डाव तर पाठ्यपुस्तकात छापलेला. पंचांनी तरुणपणी त्यांच्याशी अकरा डाव खेळले होते. दहा हरले, एक बरोबरीत सुटला. आणि तो बरोबरीचा डाव कसा झाला हे पंच अजूनही ऐकणारा सापडला की सांगत.

आज वस्तादांसमोर बसली होती त्यांचीच शिष्या. वय छत्तीस, औषधांच्या दुकानात फार्मासिस्ट. अकराव्या वर्षापासून विसाव्यापर्यंत ती वस्तादांकडे शिकली. पहिला नॉर्म चोविसाव्या वर्षी, दुसरा एकतिसाव्या. तिसरा दोनदा अर्ध्या गुणाने निसटला. या वेळी नऊपैकी सात गुण हवे होते, आठ फेऱ्यांत सहा झाले होते. म्हणजे शेवटचा डाव जिंकणे भाग होते, बरोबरीही उपयोगाची नव्हती. आणि हा डाव पडला वस्तादांशी.

पंचांनी वहीत सकाळपासूनच्या नोंदी पुन्हा वाचल्या.

आठ चाळीस. जिन्याच्या वळणावर फार्मासिस्टने वस्तादांच्या हातात एक तपकिरी पाकीट दिले. वस्तादांनी न उघडता कोटाच्या आतल्या खिशात ठेवले. बोलणे नाही.

बारा बावन्न ते एक तीस. वस्ताद एकाच खेळीवर अडतीस मिनिटे विचार करत राहिले. मग हत्ती उचलून नेमका अशा घरात ठेवला, जिथे फार्मासिस्टचा उंट लांबून रोखून बसला होता. शाळेच्या पहिल्या वर्गातले मूल ही चूक करणार नाही.

हत्ती मारायला फार्मासिस्टला चार मिनिटे लागावीत का? लागली. फुकटचा हत्ती समोर आहे, आणि बाई चार मिनिटे टेबलाच्या कडेकडे पाहत बसली.

हार मान्य करताना वस्ताद हसले. जिंकलेली मात्र हसली नाही.

“काका, झालं ना मग?” आयोजक मागून आले. त्यांचा फ्लेक्स छपाईचा धंदा होता आणि आवाजही फ्लेक्सएवढाच मोठा. “साडेपाचला समारंभ. तुमचा अहवाल आणि नॉर्मच्या पत्रावरची सही पाच वाजता हातात द्या, म्हणजे मी मोकळा.”

“फलक कधी छापलात?” पंचांनी विचारले. भिंतीशी गुंडाळी उभी होती आणि तिच्या कडेवर ‘शहराची पहिली महिला ग्रँड’ इतकी अक्षरे दिसत होती.

“तीन दिवस झाले.”

“तीन दिवसांपूर्वी तिचे चार गुण होते.”

“अहो काका, मी छपाईवाला. नवरा-नवरीचं जमायच्या आधी पत्रिका छापून ठेवतो! नाही जिंकली असती तर उलट्या बाजूनं खिडकीला पडदा लावला असता. तुम्ही म्हणजे ना, साप साप म्हणून भुई धोपटता.”

“भुई धोपटायलाच मला बोलावलंय तुम्ही,” पंच म्हणाले आणि पाचही टेबलांवरचे चालींचे कागद गोळा करून त्यांनी पिशवीत घातले.

अहवालाच्या छापील अर्जात सहावा प्रश्न होता: कोणताही डाव आधी ठरवून खेळला गेल्याचा संशय आहे काय? ‘होय’ लिहिले तर नॉर्म चौकशीत अडकणार, आणि अशा चौकश्यांतून छत्तिसाव्या वर्षी कोणी बाहेर आल्याचे पंचांच्या ऐकिवात नव्हते. ‘नाही’ लिहिले आणि डाव खरोखरच विकलेला असला, तर जगातल्या सर्वांत अवघड किताबांपैकी एक किताब आपल्या सहीने भेट दिल्यासारखा होणार. मधला रकाना नव्हता.

घर अकरा मिनिटांवर. पंचांच्या पत्नीने ताट वाढले होते. त्या तीस वर्षे शिवणकामाच्या वर्गात कापड बेतायला शिकवत होत्या. अजूनही जेवणाच्या टेबलाचा अर्धा भाग कागदी नमुने, खडू आणि कात्र्यांचा होता. उरलेल्या अर्ध्या भागावर पंचांनी ताटाच्या आधी पट मांडला.

“अहो, ताट निवतंय.”

“दहा मिनिटं.”

“तुमच्या दहा मिनिटांत माझी एक बाही शिवून होते. आज कुणाला फासावर चढवायचंय?”

“वस्तादांना. किंवा त्या फार्मसीवालीला. बहुतेक दोघांना.”

पत्नीने खुर्ची ओढली. “त्या मुलीला? मागच्या हिवाळ्यात तुमचा खोकला जात नव्हता तेव्हा दुकान बंद करून घरी गोळ्या आणून दिल्या तिनं.”

“म्हणूनच जास्त नीट बघायला हवं. गोळ्या आणून देणाऱ्या माणसाचा संशय घेताना हात आखडतो.”

“तुमचा? तुमचा हात आखडलेला मी लग्नापासून बघितला नाही. लग्नाचा मुहूर्त चार मिनिटं पुढं गेला तर माझ्या वडिलांना घड्याळ दाखवलं होतंत.”

पंचांनी पिशवीतून चालींचे कागद काढले. चौतीस वर्षांत त्यांनी एक गोष्ट पक्की शिकली होती. चूक विखुरलेली असेल, कधी इकडे तर कधी तिकडे, तर दोष माणसाचा. चूक प्रत्येक वेळी एकाच जागी असेल तर दोष यंत्राचा. म्हणून त्यांनी फक्त आजचा डाव घेतला नाही. वस्ताद या स्पर्धेत पाच डाव हरले होते: दुसरी, चौथी, पाचवी, सातवी आणि नववी फेरी. पाचही कागद त्यांनी ओळीने मांडले आणि एकेक डाव पटावर खेळून पाहिला. जिथे डाव घसरला त्या घरावर खडूचा बारीक ठिपका ठेवायचा, असे ठरवले.

दुसऱ्या फेरीत डाव्या कडेचे एक प्यादे फुकट गेले होते. चौथ्या फेरीत डावीकडूनच आलेला घोडा दिसला नव्हता. पाचव्या फेरीत उजव्या कडेने हत्ती आत घुसला. सातव्यात उजव्या कोपऱ्यातून वजीर. आणि आज, उजव्या कडेवर बसलेला उंट.

“दोन डावीकडं, तीन उजवीकडं,” पंच पुटपुटले. “विखुरलेलं. म्हणजे माणूस. म्हणजे ठरवून.” आणि हे म्हणताना त्यांना बरे वाटायला हवे होते ते वाटले नाही. दहा वेळा ज्याच्याकडून हरलो तो माणूस पाच जणांना डाव विकत होता, हे मोजून सिद्ध करण्यात सुख कसले?

“दाखवा बघू,” पत्नी म्हणाल्या. त्यांना हत्ती सरळ जातो आणि उंट तिरका जातो, यापलीकडे खेळ ठाऊक नव्हता. “हे ठिपके कुणाच्या चुकांचे?”

“वस्तादांच्या.”

“ते कुठं बसले होते?”

“दुसऱ्या-चौथ्या फेरीत पांढरे मोहरे घेऊन, इथं. बाकी तीन डावांत काळे. म्हणजे समोर, तुमच्या बाजूला.”

“मग तुम्ही सगळे डाव इथूनच का बघताय?”

“पट पांढऱ्याच्या बाजूनंच बघायचा असतो. पुस्तकात सगळी चित्रं तशीच छापतात. जगभर.”

“जगभर छापू देत,” पत्नी म्हणाल्या. “मी मुलींना पहिल्या दिवशी काय शिकवते? सदऱ्याचा डावा खिसा म्हणजे बघणाऱ्याचा डावा नव्हे, घालणाऱ्याचा डावा. दर वर्षी दोघी-तिघी तरी उलटा खिसा लावतात. उठा. इकडं येऊन बसा माझ्या खुर्चीत.”

पंच उठले. टेबलाला वळसा घालून काळ्याच्या बाजूला बसले. तीन ठिपके, जे इतका वेळ उजवीकडे होते, ते आता त्यांच्या डाव्या हाताशी होते. मग त्यांनी पहिले दोन डाव आठवले. पांढऱ्याच्या खुर्चीत बसलेल्या माणसाची डावी बाजू.

पाच डाव. पाच चुका. प्रत्येक वेळी खेळणाऱ्याची डावी बाजू.

त्यांनी वही उघडली. त्यांच्याच अक्षरातल्या नोंदी आता दुसऱ्या कोणी लिहिल्यासारख्या दिसू लागल्या. पाचवी फेरी: वस्तादांकडून डाव्या कोपराने पाण्याचा पेला सांडला; अस्वस्थ? सहावी फेरी: डावीकडून जाऊन वेळेची सूचना दिली, वळून पाहिले नाही, टाळत आहेत? आणि दुसरी फेरी: वस्तादांनी घड्याळ उजवीकडे ठेवण्याची विनंती केली, कारण विचारता ‘सवय’ म्हणाले, सर्व घड्याळे एका रांगेत असावीत या नियमाने नाकारली. पांढरे मोहरे असले की घड्याळ वस्तादांच्या डावीकडे येत होते. पांढऱ्याचे दोन्ही हरलेले डाव वेळ संपत आल्याच्या घाईत हरले होते.

“जेवा आता,” पत्नी म्हणाल्या.

पंच जेवले. काय जेवले ते त्यांना सांगता आले नसते.

खेळाडूंची उतरायची सोय वाचनालयाच्या मागच्या विश्रामगृहात होती. साडेतीन वाजता पंच तिथे पोचले, तेव्हा वस्ताद पलंगावर उघडी बॅग ठेवून कपडे भरत होते. एक पायमोजा पलंगाच्या डाव्या टोकाला पडला होता आणि वस्ताद हातातल्या दुसऱ्या पायमोज्याची जोडी शोधत होते.

सभागृहात ते एकमेकांना अहो-जाहो करत. बंद दाराआड चाळीस वर्षांची ओळख होती.

“ये रे मायक्रोमीटर. काय मोजायला आलास?”

पंच त्यांच्या डाव्या बाजूला जाऊन उभे राहिले आणि खिशातले पेन काढून हवेत धरले. बोलले नाहीत. वस्ताद समोरच्या भिंतीकडे पाहून बोलत राहिले: “उद्या सकाळची गाडी आहे. बोल की. गेलास का?”

“कधीपासून?” पंचांनी विचारले.

वस्तादांनी पूर्ण मान वळवली. पेन पाहिले. मग पलंगावर बसले.

“आठ महिने. एका सकाळी दाढी केली आणि शेजारी म्हणाला, अर्धीच केलीस. मला वाटलं चेष्टा करतोय. डॉक्टर म्हणाला डोळे ठणठणीत आहेत, डोक्यातली एक बारीक शीर बंद झाली. आता डावा अर्धा आहे हे मला माहीत असतं, पण तो आपण होऊन येत नाही. आठवण ठेवून आणावा लागतो. दमलो की आठवण राहत नाही.”

“आणि खेळत राहिलास.”

“मग काय करू? पोहायला जाऊ? मला दुसरं येतं काय? शाळा सोडली तेव्हापासून चौसष्ट घरं. आजही लोक बोलावतात ते माझ्या खेळाला नाही, नावापुढच्या किताबाला. तिपाईचा पाय. पाय लाकडी असला तरी तिपाई उभी राहते.”

पंचांनी खुर्ची ओढून उजवीकडे घेतली. “सकाळचं पाकीट?”

वस्ताद हसू लागले. कोटाच्या आतल्या खिशातून त्यांनी पाकीट काढून फेकले. रक्त पातळ ठेवण्याच्या गोळ्या, दोन पट्ट्या. वर सुबक अक्षरात ‘सकाळी एक, जेवणानंतर’. “तुला काय वाटलं, नोटा? अरे, मी इतका स्वस्तात विकला जाईन असं वाटलं होय रे तुला? पाकिटाची जाडी तरी बघायचीस!”

पंचांना हसू आले नाही. सकाळपासून धरून ठेवलेली एक शंका हातातून गेली, पण तिच्या जागी दुसरी उभी राहिली होती, आणि ती पहिलीपेक्षा वाईट होती.

“म्हणजे तिला माहीत होतं.”

“गोळ्या तिच्याच दुकानातून येतात. डॉक्टरची चिठ्ठी वाचल्यावर काय झालंय ते तिला न सांगता कळलं.”

“तिनं उंट चोविसाव्या खेळीत कडेला नेला. तो मधल्या घरातही तेवढाच चांगला होता. मी तपासलं.”

“मीही तपासलं, बसल्या जागी.” वस्ताद शांतपणे म्हणाले. “तिनं तो तिथं ठेवला आणि मला कळलं ही कुठं खेळतेय. अडतीस मिनिटं तेच केलं मी. मान वळव, उंट बघ, हिशेब कर, पुन्हा मान वळव. सगळं बरोबर मोजलं होतं. मग हात पुढं केला आणि हात पुढं करताना तो उंट जगातून गेला. हत्ती ठेवला, तिच्या तोंडाकडं बघितलं, तेव्हा परत आला.”

“आणि तू हसलास.”

“मग रडू? ऐक. तुला माझं ते रौप्यपदक माहीत आहे. शेवटच्या डावात समोरच्याला ताप होता, दातावर दात वाजत होते. त्यानं दोनदा बरोबरी देऊ केली. डावात काही उरलं नव्हतं, मी घ्यायला हवी होती. घेतली नाही. सहा तास बसवून ठेवला त्याला. शेवटी त्याचा हात थरथरून चुकीच्या घरात पडला. वर्तमानपत्रांनी लिहिलं, काय ही चिकाटी! ते मी तिला शिकवलंय. आता ते माझ्यावर खेळलं गेलं तर तक्रार करू?”

पंचांनी गोळ्यांचे पाकीट उचलून वस्तादांच्या उजव्या हाताशी ठेवले.

“अहवालात माझं लिहिणार?” वस्तादांनी विचारले. आवाज पहिल्यांदा खाली आला होता.

“अर्जात प्रकृतीचा रकाना नाही. पण यापुढं मी पंच असेन तिथं पहिल्या दिवशी सगळ्यांना सांगून बसायचं. नाहीतर बसायचं नाही.”

“सांगितलं तर कोण बोलावेल?”

“सगळे बोलावतील,” पंच म्हणाले. “नॉर्म हवा असणारा प्रत्येक जण तुला बोलावील आणि तुझ्या डावीकडून खेळेल. तेच मला नको आहे.”

वस्तादांनी पंचांकडे नीट, मान पूर्ण वळवून पाहिले. मग सापडलेला एक पायमोजा गुंडाळून बॅगेत टाकला. “म्हणजे हा शेवटचा,” ते म्हणाले. “तरी बरं, घरातल्याच माणसाकडून हरलो.”

पंच उठले. जाता जाता त्यांनी पलंगाच्या टोकाचा दुसरा पायमोजा उचलून बॅगेत ठेवला.

पावणेपाचला सभागृहात फार्मासिस्ट एकटीच होती. कामगार खुर्च्या मांडत होते; ती ज्या टेबलावर जिंकली त्या टेबलाशी न बसता दाराजवळच्या बाकावर बसली होती. समारंभासाठी तिने कपडे बदलले नव्हते.

“काका, सही झाली?”

“नाही. एक विचारायचं आहे. उंट कडेला का नेलास?”

तिने खोटे बोलायचे ठरवले असते तर त्या जागेला तीन चांगली तांत्रिक कारणे होती. पंचांना तिन्ही पाठ होती आणि ते त्यांचीच वाट पाहत होते.

“मधल्या घरात सरांना दिसला असता,” ती म्हणाली.

पंचांनी पिशवी बाकावर ठेवली. “हे तू मला सांगतेयस.”

“तुम्ही विचारलंत म्हणून. आणि तुम्ही भेटून आलात सरांना, ते तुमच्या तोंडावर लिहिलंय.” तिने बोटांनी ओढणीचे टोक गुंडाळले. “काका, या स्पर्धेत चौघांनी त्यांना त्याच बाजूनं हरवलंय. त्यांना माहीत नव्हतं म्हणून ते स्वच्छ. मला माहीत आहे म्हणून मी दुसरीकडून खेळायचं? तो त्यांचा मान झाला असता का? सरांना कळलं असतं मी सोडतेय, तर त्यांनी पट उधळून दिला असता. लहानपणी एकदा मी त्यांना वाईट वाटू नये म्हणून बरोबरी मागितली होती. पंधरा दिवस शिकवणी बंद.”

“हे तू स्वतःला समजावतेयस की मला?”

“दोघांना,” ती म्हणाली. “अजून नीट पटलेलं नाही. कुणालाच.”

“आणि ती चार मिनिटं?”

“हत्ती ठेवल्यावर त्यांनी माझ्याकडं बघितलं. मी सांगावं, सर, चाल परत घ्या, असं क्षणभर वाटलं. नियमात बसत नाही. नियम नसता तरी सांगितलं असतं का, ते मोजत होते. चार मिनिटं झाली ते तुमच्याकडूनच कळतंय.”

पंचांनी आयुष्यभर खोटे बोलणारी माणसे आणि खोटे बोलणारी मापे पाहिली होती. खोटे नेहमी गुळगुळीत असते. त्याला कोपरा नसतो. या बाईच्या बोलण्याला कोपरेच कोपरे होते. तरीही त्यांनी मनातल्या मनात तिचे प्रत्येक वाक्य पुन्हा एकदा ठोकून पाहिले. विकलेला डाव? नाही. ठरवलेला? नाही. दयेने दिलेला? तोही नाही, उलट त्यात दया औषधालाही नव्हती. डाव खेळला गेला होता, पुरता, दोघांनीही. तो सुंदर नव्हता, आणि सुंदर असण्याचा रकाना अर्जात नव्हता.

त्यांनी जवळच्या टेबलावर अर्ज पसरला. सहाव्या प्रश्नापुढे ‘नाही’ लिहिले. मग नॉर्मचे पत्र काढून आकडे भरले: गुण, फेऱ्या, प्रतिस्पर्ध्यांचे रेटिंग, किताबधारक किती, आणि खाली सही केली.

“यावरून मी तुला शाबासकी दिली असं समजू नकोस,” ते म्हणाले. “माझ्या सहीचा अर्थ एवढाच, की डाव झाला.”

“तेवढाच हवा होता,” ती म्हणाली.

आयोजक फलक उलगडत आत आले. “झाली ना सही? चला, चला, फोटो! वस्ताद कुठं आहेत? पुढच्या वर्षीचं आत्ताच सांगून ठेवतो त्यांना!”

“ते येणार नाहीत पुढच्या वर्षी,” पंच म्हणाले. “दुसरा पाय शोधा.”

“म्हणजे? का?”

“ते तेच सांगतील. सांगायचं असेल तर.”

आयोजक कामगारांवर ओरडायला निघून गेले. फार्मासिस्टच्या हातात पत्र होते. पहिल्यानंतर बारा वर्षांनी मिळालेले तिसरे पत्र. पंचांना वाटले, आता तरी ही हसेल, निदान डोळे पुसेल. तिने तसे काहीच केले नाही. ती खिडकीच्या उजेडात गेली, पत्र डोळ्यांजवळ धरले आणि दुकानात चिठ्ठी तपासावी तशी प्रत्येक आकड्यावर बोट ठेवत वाचू लागली. ओठ हलत होते. नऊ प्रतिस्पर्धी, नऊ रेटिंगे, बेरीज, सरासरी. एकदा संपले, ती पुन्हा वरून सुरू झाली.

“तिसऱ्या फेरीतल्या खेळाडूचं रेटिंग,” ती मान वर न करता म्हणाली. “शेवटचा आकडा आठ आहे की तीन?”

पंच जवळ गेले. त्यांनी चष्मा चढवला. त्यांच्या अक्षरातल्या आठाचे पोट नीट मिटलेले नव्हते.

“आठ,” ते म्हणाले, पेन काढून आकडा ठळक केला आणि बाजूला छोटी सही केली.

“आता बरोबर आहे,” ती म्हणाली, आणि पहिल्या ओळीपासून तिसऱ्यांदा वाचू लागली. पंच शेजारी उभे राहिले, तिचे वाचून होईपर्यंत.